पूर्वेचं दार

३ नोव्हेंबर

प्रिय ताई,

नमस्कार. तू मावशीकडे सुखरूप पोहोचलीस हे चिमणीकडून कळलं. मावशीचे गुडघे कसे आहेत? तिला माझा नमस्कार सांग. "येतो येतो म्हणतो आणि येत नाही मेला," असं ती म्हणेल, तर म्हणू दे. खरंच आहे ते.

फोन बंद ठेवलास हे उत्तम केलंस. इथला दिवसभर वाजत असतो, शेवटी काल मी त्याची वायर काढून ठेवली. म्हणून हे पत्र. हाताने लिहून इतकी वर्षं झालीत की अक्षर बघून तुला वाटेल डॉक्टरांनी औषध लिहून दिलंय.

तू सांगितल्याप्रमाणे मी माझं बस्तान तुमच्याकडे हलवलंय. बैठकीच्या खोलीत सोफ्यावर झोपतो, कुंड्यांना पाणी घालतो. खिडकीतला तुझा तो नाजूक वेल माझ्या हाती पडल्यापासून रुसलाय. चिमणी कॉलेजला जाते, वेळेवर परत येते, पुढे ठेवलेलं खाते. तुझी शाल पांघरून झोपते. मी बघून न बघितल्यासारखं करतो. परवा वर्गात तिला कोणीतरी काहीतरी बोललं. काय, ते सांगितलं नाही. "मामा, मी आता मागच्या बाकावर बसते, तिथे बरं पडतं," एवढंच म्हणाली.

भाऊजी बहुतेक वेळ ऑफिसात असतात, वकिलाबरोबर. आंघोळीपुरते घरी येतात. अंगात ताप असला तरी दाढी चुकवणारा माणूस नव्हे तो, पण आता गालावर पांढरे खुंट वाढलेत. काल जेवायला बसले, ग्लासात पाणी घेतलं, उठून बेसिनमध्ये ओतून आले, पुन्हा घेतलं. मग मला म्हणाले, "तिचा फोन लागला का?" मी नाही म्हटलं. रोज विचारतात, रोज मी नाही म्हणतो.

इस्पितळात होता तो मुलगा आता धोक्याबाहेर आहे. म्हणजे नवाचे दहा होणार नाहीत. क्रीडागृहाच्या फाटकाशी लोक फुलं ठेवून जातात. मी एकदा गेलो होतो. फुलांच्या मधोमध कोणीतरी एक बूट ठेवलाय. एकच. मी पुढे गेलो नाही.

आमच्या संपादकांनी बोलावून घेतलं. म्हणाले, "पंधरा वर्षांनी हा बँड एकत्र येतो, कार्यक्रम तुझ्याच मेहुण्यांनी लावलेला, पूर्वेच्या जिन्यावर नऊ माणसं चेंगरून मरतात आणि तू स्वतः स्टेजमागे उभा. तुझ्याशिवाय कोण लिहिणार?" मी म्हटलं, मला ताप आहे. त्यांनी माझ्याकडे बघितलं, थर्मामीटर मागितला नाही हे त्यांचे उपकार. रॉक म्हटलं की लिहीत सुटणारा मी, आयुष्यात पहिल्यांदाच कामाला नाही म्हटलं.

तू निघताना दारात मला विचारलंस, "तू कुठे होतास रे तेव्हा?" मी म्हटलं, स्टेजच्या मागे. ते खरं आहे.

पूर्वेच्या दारावरच्या रखवालदाराला पोलिसांनी धरलंय. दार कुलूपबंद का ठेवलं, असं विचारतायत. पन्नाशीचा माणूस आहे. बाकी विशेष काही नाही.

काळजी करू नकोस म्हणणार नाही, करशीलच. पण दोन घास खाऊन कर.

तुझा,
धाकटा

१९ नोव्हेंबर

प्रिय ताई,

तुझं कार्ड आलं. चार ओळी का होईना, तुझ्या हातच्या होत्या, बरं वाटलं. चिमणीच्या परीक्षेचं बघतोय. वेलाला तू सांगितलंस तसं कोपऱ्यात हलवलं.

तुझी शेवटची ओळ: "घरातलं घरात राहू दे." ती मी सकाळी वाचली, दुपारी वाचली आणि कार्ड टेबलावर पालथं घालून ठेवलं.

हल्ली बसल्या बसल्या जुनं फार आठवतं. भाऊजी तुला बघायला आले तो दिवस आठवतो का? काखेत रेकॉर्डांचं बाड. नानांनी विचारलं, "आपण काय करता?" हे म्हणाले, "गाण्याचे कार्यक्रम लावतो." नानांना वाटलं भजनाचे. लग्न ठरल्यावर खरा प्रकार कळला, तोवर उशीर झाला होता. मी बारा वर्षांचा. आई जाऊन दोन वर्षं झाली होती आणि माझी वेणीफणी सोडून बाकी सगळं तूच करत होतीस. तू सासरी गेलीस म्हणून मी दोन दिवस जेवलो नव्हतो. भाऊजींनी मला खांद्यावर टाकलं आणि आयुष्यातल्या पहिल्या शोला नेलं. स्पीकरपुढे उभं केलं. परत आल्यावर तू त्यांच्यावर केवढी ओरडलीस! "पोराचे कान फुटले असते म्हणजे?" त्यांनी खिशातून कापसाचे दोन बोळे काढून तुला दाखवले. "विचार की त्याला. आधी कान, मग गाणं." लग्न होऊन महिना झाला नव्हता आणि तू हसलीस, त्यांना हवं होतं तेवढं.

त्यानंतरचं सगळं त्यांच्यामुळेच. पहिला मजकूर मी लिहिला तो त्यांच्या शोच्या हँडबिलावर. मग ते मासिक, ज्याला जाहिरात मिळायची ती फक्त त्यांची. नाना पाहुण्यांना सांगायचे, "आमचे चिरंजीव दगडांवर लिहितात. रॉक म्हणजे दगडच ना?" आणि स्वतःच इतके हसायचे की पाहुण्याला हसावंच लागायचं. मासिक अठरा वर्षं चाललं. हॉटेलच्या कॉरिडॉरमध्ये, व्हॅनमध्ये, एकदा तर न्हाव्याच्या दुकानात मी मुलाखती घेतल्या. एका गायकाने मला बूट फेकून मारला आणि दुसऱ्या दिवशी तोच बूट सही करून पाठवला. एक ड्रमर माझ्यासमोर तासभर रडला, आणि निघताना म्हणाला, हे छापू नका, आई वाचते. नाही छापलं. मासिक बंद पडल्यावर वर्तमानपत्रात आलो, तिथेही ओळख भाऊजींचीच. लोक मला विचारतात, तुम्हाला सगळीकडे आत कसं सोडतात? माझं अख्खं आयुष्य त्या माणसाने गळ्यात अडकवलेल्या पासावर आत गेलंय, ताई.

हे सगळं तुला माहीत आहे. तरी लिहितोय, कारण पुढचं लिहायचं टाळतोय.

सोमवारी आमच्या वर्तमानपत्राच्या ऑफिसात एक बाई आल्या. लाँड्रीत इस्त्रीचं काम करतात. मी म्हटलं, बसा. त्या बसल्या नाहीत. म्हणाल्या, "मी पूर्वेच्या दारावरच्या माणसाची बायको."

मी पाणी मागवलं. त्यांनी घेतलं नाही.

"हे म्हणतात, दार उघडू का असं विचारायला ते स्वतः आत साहेबांकडे गेले होते. साहेबांनी नको म्हटलं. आणि शेजारी एक चष्मेवाले उभे होते. तुमचा फोटो येतो ना गाण्याच्या पानावर, तो मी भेटीच्या वेळी यांना दाखवला. म्हणाले, हेच ते."

"तिथे आवाज फार होता हो," मी म्हटलं.

"हो ना," त्या म्हणाल्या. "म्हणजे साहेबांनी ओरडूनच सांगितलं असणार."

मग त्या निघाल्या. दारातून वळून म्हणाल्या, "यांच्या डोळ्यांदेखत दोन मुलं चेंगरली. यांनी एकाला वर काढलं. तो जगलाय. हे कोणी लिहीत नाही." त्या गेल्यावर मी तासभर एक शब्दही टाइप केला नाही. आमच्या पानावर त्या दिवशी एक जुनी मुलाखत पुन्हा छापली.

चौकशी आयोगाचं बोलावणं आलंय. पुढच्या महिन्यात. बोलावणं आलं त्या संध्याकाळी भाऊजींनी त्यांच्या ऑफिसात बोलावलं. वकील नव्हता. भिंतीवर तीस वर्षांची पोस्टरं, आणि त्यांच्याखाली ते, खुर्चीत एवढेसे झालेले. चहा सांगितला. दोघांचाही गार झाला.

"तू काही खोटं बोलू नकोस," ते म्हणाले. "तू तिथे होतास, होतास म्हण. तो माणूस आला होता, आला होता म्हण. फक्त काय बोलणं झालं ते ऐकू आलं नाही म्हण. त्या आवाजात कुणाला काय ऐकू येणार? कोणालाही पटेल."

मी कप बशीत फिरवत राहिलो.

"मी तुझ्यासाठी काय केलं ते काढणार नाही," ते म्हणाले आणि खरंच काढलं नाही. त्यांनी काढलं असतं तर मला सोपं गेलं असतं.

खाली उतरेपर्यंत सोडायला आले. नेहमीसारखी पाठीवर थाप मारली, पण हात तिथेच राहिला थोडा वेळ.

ताई, काय बोलणं झालं ते मी तुला अजून लिहिलेलं नाही. आज जमणार नाही.

तुझा,
धाकटा

२ डिसेंबर

ताई,

आज थोडक्यात. चिमणीचे दोन पेपर झाले, बरे गेले म्हणते.

काल जेवताना तिने चमचा खाली ठेवला आणि विचारलं, "मामा, बाबांनी दार उघडू नका असं सांगितलं होतं का?"

मी म्हटलं, "तू जेव आधी."

तिने चमचा उचलला आणि मुकाट्याने जेवली. सगळं संपवलं. ताट धुवून ठेवलं. मग माझ्याजवळ येऊन म्हणाली, "नाही असतं तर तू लगेच नाही म्हटलं असतंस." आणि खोलीत गेली.

तुझीच मुलगी.

तुझ्याशी बोलायला हवं होतं, पण तू फोन सुरू करू नकोस. तू "नको" म्हणालीस तर तुझं ऐकावंसं वाटेल.

धाकटा

११ डिसेंबर

प्रिय ताई,

तू बातम्यांत वाचलं असशील. मावशीकडे पेपर आठवडाभर उशिरा येतो, त्यामुळे कदाचित हे पत्र आणि पेपर एकाच दिवशी येतील. तसं झालं तर आधी हे वाच.

आधी त्या संध्याकाळचं सांगतो. मला वाटतं तू मावशीकडे गेलीस ती हे माझ्या तोंडून ऐकायला लागू नये म्हणूनच.

मी स्टेजच्या डाव्या बाजूला पडद्याआड उभा होतो, भाऊजी माझ्या शेजारी. बँडने त्यांचं ते लांबलचक गाणं सुरू केलं होतं, ज्याच्यासाठी माणसं पंधरा वर्षं थांबली होती. मीही. गिटारवाला म्हातारा झालाय, बोटं जाड झालीत, पण सुरुवातीचे सूर तेच लागले आणि माझ्या अंगावर काटा आला. भाऊजींचे डोळे भरलेले मी बघितले. तेवढ्यात मागून तो रखवालदार आला. घामाने भिजलेला. त्याच्या हातातल्या वॉकीटॉकीवर काही ऐकू येत नव्हतं म्हणून धावत आला होता. भाऊजींच्या कानाशी जाऊन ओरडला, "साहेब, पूर्वेच्या जिन्यावर दाटी फार झालीय. मुली रडतायत. दार उघडू का?"

त्या दाराबाहेर गल्लीत बिनतिकिटाची शेकडो पोरं जमली होती, ते आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. भाऊजी म्हणाले, "उघडलंस की बाहेरचे घुसतील. गाणं संपू दे, मग उघड."

तो उभाच राहिला. त्याने माझ्याकडे बघितलं. मी तिथे सगळ्यात सुशिक्षित दिसत असेन बहुतेक. त्याला वाटलं असेल, हे काहीतरी बोलतील.

ताई, मी स्टेजकडे वळलो. कारण गाण्यात तो भाग येत होता जिथे ड्रम थांबतात आणि नुसती गायिका उरते. मला तो चुकवायचा नव्हता. एवढंच. दुसरं काही कारण नाही. रखवालदार परत गेला. जिन्यावर जे झालं ते त्या गाण्यातच झालं, आणि आम्ही दोघं टाळ्या वाजवत होतो.

गेल्या मंगळवारी आयोगापुढे मी हे सगळं सांगितलं. शाळेच्या वर्गासारखी खोली, भिंतीवर घड्याळ बंद पडलेलं, समोर न्यायाधीश बाई आणि त्यांच्या दोन्ही बाजूंना दोघे जण. पहिल्या रांगेत भाऊजी. मागे मेलेल्यांच्या घरचे लोक. रखवालदाराला पोलिसांनी आणून बाजूला बसवलं होतं. मी बोलत असताना तो जमिनीकडे बघत होता.

मग भाऊजींचा वकील उठला. त्याने माझी जुनी कात्रणं गोळा करून आणली होती. गेल्या वर्षीच्या सदरात मी लिहिलं होतं की इतकी वर्षं स्पीकरपुढे काढल्याने माझ्या डाव्या कानात सतत शिट्टी वाजते, घरातली घंटा वाजते की कान हे कळत नाही, म्हणून मी दर वेळी दार उघडून बघतो. चेष्टेत लिहिलं होतं. लोकांना फार आवडलं होतं. त्याने ते मोठ्याने वाचून दाखवलं. मागे कोणीतरी हसलं. मग आणखी दोघं.

"म्हणजे आपल्या डाव्या कानाचा आपल्यालाच भरवसा नाही?"

"नाही," मी म्हटलं.

"माझे अशील आपल्या कोणत्या बाजूला उभे होते?"

"डाव्या."

तो बसला. त्याला पुढे विचारायची गरजच नव्हती. ज्या कानांवर मी पोट भरलं ते कान तिथे सगळ्यांदेखत निकालात निघाले. रखवालदाराच्या बायकोने पदर तोंडावर घेतला. न्यायाधीश बाईंनी जेवणाची सुट्टी दिली.

मी हात धुवायला गेलो. शेजारच्या नळावर भाऊजी आले. आरशात बघतच बोलले.

"काय ऐकलंस तू? शब्द सांग."

"भाऊजी, राहू द्या आता."

"शब्द सांग म्हणतो ना."

मी सांगितलं. उघडलंस की बाहेरचे घुसतील, गाणं संपू दे, मग उघड.

त्यांनी नळ बंद केला. तुला आठवतं, माझ्या मासिकाच्या काळात प्रत्येक मुलाखत ते छापायच्या आधी वाचायचे आणि म्हणायचे, माणसाच्या तोंडचा शब्द इकडचा तिकडे करू नये, त्याचा अपमान होतो. त्याच आवाजात म्हणाले, "चुकलास. 'हे' गाणं संपू दे म्हटलं होतं मी. हे गाणं."

आणि हात न पुसताच बाहेर गेले.

सुट्टीनंतर वकील उठायला लागला तर त्यांनी त्याच्या दंडाला धरून खाली बसवलं. स्वतः उभे राहिले. "त्याला नीट ऐकू येतं," ते म्हणाले. "मी त्याला लहानपणापासून ओळखतो." मग सगळं सांगितलं. रखवालदाराने काय विचारलं, त्यांनी काय सांगितलं. "हे गाणं" असंच सांगितलं. वकील मध्ये तीनदा उठला. न्यायाधीश बाईंनी दोनदा विचारलं, आपण काय बोलताय हे आपल्याला कळतंय ना? ते हो म्हणाले. शेवटी त्या माणसाकडे वळून म्हणाले, "तुम्ही विचारायला आला होता. मी चुकलो." तो उठून उभा राहिला, नेहमीच्या सवयीने, साहेब बोलतायत म्हणून.

संध्याकाळी भाऊजींना अटक झाली. गाडीत बसताना मला म्हणाले, "कुंड्यांना पाणी घालतोस ना?" मी हो म्हटलं.

ताई, हे त्यांनी माझ्यासाठी केलं की त्या माणसासाठी, की त्यांना स्वतःलाच सहन होईना, मला माहीत नाही. सगळे म्हणतायत, मी बोललो म्हणून ते बोलले. तू पण म्हणशील. तसं असेल. मी गप्प राहिलो असतो तर ते कदाचित सुटले असते आणि तू परत आली असतीस आणि आपण सगळे एका टेबलावर बसून जेवलो असतो, कोणीही कोणाकडे न बघता. घरातलं घरात राहिलं असतं. मला ते जमलं नाही.

बाहेर पायऱ्यांवर एका बाईंनी मला थांबवलं. तुझ्याच वयाच्या. त्यांची मुलगी गेली जिन्यावर. मला वाटलं, आता या माझ्या थोबाडीत मारतील, आणि मी उभा राहिलो. त्या म्हणाल्या, "तुम्ही शेवटपर्यंत तिथे होता ना? ते गाणं पूर्ण वाजलं का हो?"

मी म्हटलं, हो. पूर्ण वाजलं.

"बरं झालं," त्या म्हणाल्या. "तिला फार आवडायचं." आणि खरंच बरं झाल्यासारखी मान हलवून पायऱ्या उतरल्या. मी त्यांना सांगितलं नाही की मी ते ऐकत राहिलो म्हणून दार बंद राहिलं.

रखवालदार काल सुटला. मी भेटायला गेलो नाही. कोणत्या तोंडाने जाणार? संपादकांनी सगळी हकिकत लिहून मागितली, पहिल्या पानावर, माझ्या फोटोसकट. मी सदरच सोडलं. आता काय करणार ते ठरवलेलं नाही. एका प्रकाशकाकडे प्रुफं तपासायचं काम आहे, शांत खोली असते, ते बघेन. काल दुकानात कोणाच्या तरी रेडिओवर गिटार लागली आणि मी हातातलं सामान तिथेच ठेवून बाहेर आलो. दुकानदार मागून हाका मारत होता.

चिमणीला मी सगळं सांगितलं, वर्तमानपत्राच्या आधी. ती रडली नाही. "मामा, तू इथून जा थोडे दिवस," म्हणाली. "तुझ्यावर राग नाहीये. पण तू दिसलास की बाबा दिसतात." ते मला पटलं. परवापासून मी माझ्या खोलीवर आहे. तिच्याकडे तिची मैत्रीण राहायला आलीय, आणि मी रोज खालून एकदा हाक मारून जातो. ती खिडकीतून हात करते.

शनिवारी भेट मिळते. नातेवाइकांत बायको आणि मुलगी. मेहुणा त्यात बसत नाही, आणि बसत असता तरी मी गेलो नसतो. चिमणी एकदा जाऊन आली. त्यांनी तिच्यापाशी निरोप दिलाय: "आईला सांग, यायची काही गरज नाही." तीस वर्षं संसार केलास, तेव्हा या वाक्याचा अर्थ मी तुला सांगायला नको.

ये, ताई. माझ्यासाठी नको येऊस. तू येशील त्या दिवशी मी त्या रस्त्याला फिरकणार नाही, तुला माझं तोंड बघावं लागणार नाही. स्टेशनवर चिमणी येईल. मला आईची आठवण येत नाही, खरं सांगतो, चेहराही नीट आठवत नाही. आई म्हटलं की मला तूच दिसतेस, माझ्या शर्टाला बटण लावताना, दोरा दाताने तोडताना. त्या बाईवर मी हे आणलंय. हे मला कळतं, आणि पुन्हा बोलावलं तरी मी तेच सांगेन, हेही कळतं.

उत्तर नाही आलं तरी मी महिन्याला एक पत्र लिहीत जाईन. न उघडता ठेवलीस तरी चालेल, फक्त परत पाठवू नकोस.

तुझा भाऊ
(हे खोडायचं असेल तर तू खोड. माझ्या हाताने खोडवत नाही.)